के-१८ : गस्तीसाठी बांधली, कामं भलतीच केली

डच आरमारात पाणबुडीचं नाव वाचलं की तिचे पैसे कोणत्या खात्यातून गेलेत ते कळायचं. 'ओ' आणि साधा आकडा असेल तर 'ओंडरझेबोट', म्हणजे नुसतीच पाणबुडी. खर्च नौदल मंत्रालयाचा आणि काम घरच्या किनाऱ्यावर. 'के' आणि रोमन आकडा असेल तर 'कोलोनिएन', म्हणजे वसाहती. तिचा खर्च वसाहत मंत्रालयाचा आणि काम ईस्ट इंडीजमध्ये, आजच्या इंडोनेशियात. आरमार एकच, गोद्याही त्याच, पण दप्तरं दोन. १९३७ च्या सुमारास ही विभागणी मोडीत निघाली. के-१९ आणि के-२० म्हणून बांधायला घेतलेल्या बोटी समुद्रात उतरल्या त्या ओ-१९ आणि ओ-२० या नावांनी. त्यामुळे 'के' मालिका संपते ती के-१८ पाशी.

हे प्रकरण त्या शेवटच्या बोटीचं आहे. वसाहतीच्या समुद्रात गस्त घालायची आणि शत्रूचा ताफा आला तर तो बुडवायचा, या कामासाठी ती बांधली. तिच्या नोंदवहीत मात्र ठळक दिसतात त्या दोन गोष्टी वेगळ्याच आहेत. पहिली म्हणजे एका प्राध्यापकाचे दोलक. दुसरी म्हणजे नेम चुकलेले चार टॉर्पेडो.

समुद्र अफाट, तिजोरी लहान

सुमात्राच्या टोकापासून पापुआपर्यंत पसरलेला हा द्वीपसमूह पाच हजार किलोमीटरहून लांब आहे. मुंबईहून शांघाय गाठण्याएवढं अंतर. एवढं पाणी सांभाळायची जबाबदारी कोणावर, तर आपल्या विदर्भाएवढाही विस्तार नसलेल्या एका देशावर. पहिल्या महायुद्धानंतर जपानचं आरमार वाढत होतं आणि जावा-बोर्निओ-सुमात्रात तेल होतं. आरमार वाढवायला हवं हे हेगमध्ये, म्हणजे डच सरकारात, सगळ्यांना कळत होतं. पैसे कोण देणार, यावर मात्र एकमत नव्हतं.

१९२३ मध्ये सरकारनं मोठ्या नौदल उभारणीचा कायदा संसदेपुढे आणला. त्याच्या विरोधात दहा लाखांहून जास्त सह्यांचा अर्ज गेला, रस्त्यावर प्रचंड निदर्शनं झाली, आणि २६ ऑक्टोबर १९२३ रोजी कायदा ५० विरुद्ध ४९ मतांनी पडला. एका मतानं! पुढची सगळी डच संरक्षणनीती या एका मताच्या सावलीत वाढली. भल्यामोठ्या युद्धनौकांचा प्रश्नच मिटला. उरलं ते गरिबाचं हत्यार, पाणबुडी. एका क्रूझरच्या पैशांत अनेक पाणबुड्या होतात. त्या सामुद्रधुनींच्या तोंडाशी दबा धरून बसल्या तर मोठं आरमारसुद्धा बिचकतं. हिशेब असा होता.

हिशेब आळशी नव्हता. ईस्ट इंडीजमधल्या डच अधिकाऱ्यांनी दोन युद्धांच्या मधल्या काळात पाणबुड्यांची टोळी करून हल्ला करण्याचा सराव केला होता. टेहळणीची विमानं शत्रूचा ताफा शोधणार, कळवणार, आणि मग त्याच्या वाटेवर पाणबुड्या एकत्र सोडायच्या. जर्मनांच्या 'लांडग्यांच्या टोळी'ची कीर्ती पुढे जगभर झाली. डचांच्या सरावाची आठवण फारशी कोणी काढत नाही, कारण युद्ध आलं तेव्हा ही टोळी त्यांना एकत्र लढवताच आली नाही. ते पुढे येईलच.

बोट

के-१४ ते के-१८ हा पाच बोटींचा वर्ग. आराखडा डच नौदलाचे अभियंते फान डर स्ट्रॉयफ यांचा. पहिल्या तीन रोटरडॅमच्या ड्रायडॉक कंपनीत झाल्या, शेवटच्या दोन फायेनोर्ड गोदीत. के-१८ पाण्यात उतरली सप्टेंबर १९३२ मध्ये आणि मार्च १९३४ मध्ये सेवेत आली.

लांबी सुमारे ७३ मीटर. पाण्यावर असताना विस्थापन ८६५ टन, पाण्याखाली १,०४५. दोन डिझेल इंजिनं, प्रत्येकी १,६०० अश्वशक्तीची, आणि पाण्याखाली चालवायला दोन विद्युत मोटारी, प्रत्येकी ४३० अश्वशक्तीच्या. वेग पाण्यावर १७ नॉट (नॉट म्हणजे ताशी एक सागरी मैल) आणि खाली ९. बुडी मारायची मर्यादा ८० मीटर. माणसं ३८.

त्याच सुमाराला घरच्या किनाऱ्यासाठी बांधलेली ओ-१२ शेजारी उभी केली की 'वसाहती' या शब्दाचा अर्थ लोखंडात दिसतो. ओ-१२ साठ मीटरची, ३१ माणसांची. के-१८ ला मिळालेले जादा मीटर म्हणजे जादा इंधन, जादा पाणी, जादा टॉर्पेडो आणि जादा दिवस. उत्तर समुद्रात गस्त आठवड्याची असते. जावातल्या सुराबायाहून निघून सेलेबीसला, आजच्या सुलावेसीला, वळसा घालून यायचं तर बंदर सहजासहजी दिसत नाही. म्हणून कवच दुहेरी ठेवलं होतं. आत माणसांचं आणि यंत्रांचं दाब सोसणारं नळकांडं, बाहेर दुसरा पत्रा, आणि दोघांच्या मधल्या जागेत बुडी मारायच्या टाक्या नि डिझेल. बाहेरच्या पत्र्याला जहाजासारखा घाट देता येतो, त्यामुळे खवळलेल्या समुद्रात वरच्या वर चालायला बरं पडतं.

खरी गंमत शस्त्रांत आहे. पुढे चार टॉर्पेडो नळ्या, मागे दोन, आणि याशिवाय बोटीच्या मधल्या भागात, दाबकवचाच्या बाहेर, फिरवता येणाऱ्या दोन नळ्या. साधारण पाणबुडी म्हणजे बैलगाडीला बांधलेली बंदूक. नेम धरायचा तर सगळी गाडी वळवायची. फिरत्या नळ्यांमुळे बोट न वळवता बाजूला मारता यायचं, आणि अरुंद सामुद्रधुनीत ते कामाचं होतं. तोटाही तसाच होता. नळ्या बाहेर असल्यानं त्या समुद्रात पुन्हा भरता येत नसत, आणि बाहेरची यांत्रिक गोष्ट खाऱ्या पाण्यात बिघडायला सदैव तयार असते. एकूण टॉर्पेडो १४, वर ८८ मिलिमीटरची एक तोफ आणि विमानांसाठी दोन लहान तोफा.

मला हा आराखडा आवडतो. त्यात कोणी कशाचं अनुकरण केलेलं नाही. आपला समुद्र कसा आहे आणि खिशात किती आहे, हे दोन प्रश्न समोर ठेवून कोणीतरी शांतपणे बसून काढलेलं ते उत्तर आहे. अर्थात दुसऱ्याचा समुद्र 'आपला' म्हणणं ही त्या काळची सवय. वेंगुर्ल्याच्या डच वखारीचे पडके वाडे पाहिलेल्यांना ती वेगळी सांगायला नको.

दोन मीटरचा प्राध्यापक

१४ नोव्हेंबर १९३४ रोजी के-१८ नेदरलँड्समधल्या डेन हेल्डरहून सुराबायाला निघाली. सुएझमधून गेली असती तर दोन-एक महिन्यांत पोचली असती. ती गेली मादेरा, केप व्हर्दे, डाकार, तिथून अटलांटिक ओलांडून ब्राझील, रिओ, मोंतेव्हिदेओ, ब्वेनोस आइरेस, परत अटलांटिक ओलांडून केपटाउन, डर्बन, मॉरिशस, आणि हिंदी महासागर आडवा कापून ऑस्ट्रेलियातलं फ्रीमँटल. सुराबायाला नांगर पडला ११ जुलै १९३५ ला. आठ महिने, वीस हजार सागरी मैलांहून जास्त. वाटेत डिसेंबरमध्ये केएलएम या डच विमानकंपनीचं 'स्निप' विमान अटलांटिक ओलांडत होतं, तेव्हा ही पाणबुडी त्याच्यासाठी समुद्रातला रेडिओ दीपस्तंभ झाली. पाणबुडीनं विमानाला वाट दाखवायची, हेही तिच्या आराखड्यात कुठे नव्हतं.

एवढा वळसा घ्यायचं कारण म्हणजे बोटीवर असलेले फेलिक्स आंद्रिस व्हेनिंग माइनेझ. भूभौतिकीचे प्राध्यापक, उंची दोन मीटरच्या आसपास. पाणबुडीतल्या दरवाजांचं आणि या गृहस्थांच्या डोक्याचं नातं काय असेल याची कल्पना करा.

त्यांची अडचण तशी जुनी होती. गुरुत्वाकर्षण ठिकठिकाणी किंचित बदलतं आणि दोलकाच्या झोक्याचा काळ अचूक मोजला की तो बदल पकडता येतो. नेदरलँड्सची जमीन मऊ, दलदलीची. तिथे दोलक ठेवला की जमीनच थरथरते. यावर उपाय म्हणून त्यांनी एकाच प्रतलात झुलणारे दोन दोलक घेतले. बूड आडवं हललं तर ते दोघांनाही सारखंच हलवतं, म्हणून एकाच्या झोक्यातून दुसऱ्याचा वजा केला की हलणं नाहीसं होतं आणि गुरुत्व उरतं. हलत्या जमिनीवर हे जमलं, मग हलत्या समुद्रावर का नाही? जहाजावर करून पाहिलं, पण लाटांनी दाद दिली नाही. तेव्हा सरकारी खाणींचे संचालक फान इटरसन यांनी सुचवलं की पाणबुडीतून करून पाहा.

सूचना साधी होती, तिच्यामागचं गणित सुंदर आहे. लाटेची हालचाल खोलीबरोबर झपाट्यानं मरते. शंभर मीटर लांबीची लाट तीस मीटर खाली जेमतेम सातव्या हिश्श्यावर येते आणि पन्नास मीटरवर तेविसाव्या. १९२३ मध्ये त्यांनी के-२ या छोट्या बोटीतून पहिला प्रयोग केला, १९२६ मध्ये के-१३ मधून पनामामार्गे पॅसिफिक ओलांडला, आणि १९२९-३० मध्ये त्याच बोटीतून ईस्ट इंडीजचा समुद्र पिंजून काढला. के-१८ ची सफर ही या मालिकेतली सगळ्यांत लांब.

मोजणी कशी होत असेल ते जवळून पाहू. बोट थांबते, बुडी मारते आणि ठरल्या खोलीवर तिचा तोल बसवला जातो. मग मोटारी अगदी मंद चालवायच्या. उगाच कोणी इकडून तिकडे जायचं नाही. ३८ माणसांच्या बोटीत दोघं पुढच्या खोलीतून मागे गेले तरी नाक वर उचललं जातं. पितळी पेटीत दोलक सुटतात आणि आरशांवरून परावर्तित होणारा प्रकाश सरकत्या फोटोच्या कागदावर रेघ ओढतो. साधारण अर्धा तास असाच जातो. खलाशांनी त्या चकचकीत पेटीचं नाव ठेवलं होतं 'सोन्याचं वासरू'. बायबलमध्ये लोक ज्याची पूजा करत बसले आणि मोशेचा संताप ओढवून घेतला, ते वासरू. अर्ध्या तासाच्या त्या सक्तीच्या शांततेत टोपणनाव नेमकं सुचलं असणार.

पुढची अडचण आणखी सूक्ष्म. पृथ्वी पश्चिमेकडून पूर्वेकडे फिरते. बोटही पूर्वेकडे चालली असेल तर तिच्यावरचं अपकेंद्री बल किंचित वाढतं आणि गुरुत्व कमी भासतं. विषुववृत्तावर एका नॉटमागे हा फरक साडेसात मिलिगॅलचा. एक मिलिगॅल म्हणजे गुरुत्वाचा सुमारे दहा लाखावा भाग. म्हणजे खालून वाहणारा समुद्रप्रवाह एका नॉटनं चुकीचा धरला तरी मोजमापात तेवढी खोट येणार. त्यामुळे उत्तम प्राध्यापक पुरेसा नव्हता, उत्तम नौकानयनही लागत होतं. म्हणून मी या सफरीला 'पाणबुडीनं शास्त्रज्ञाला नेलं' असं म्हणत नाही. पाणबुडी हा उपकरणाचाच भाग होता.

यातून हाती काय आलं? के-१३ च्या मोजण्यांत सुमात्रा-जावाच्या बाहेरून जाणारा एक अरुंद पट्टा सापडला होता, जिथे गुरुत्व अपेक्षेपेक्षा कितीतरी कमी भरत होतं. पृथ्वीचं कवच तरंगतं आहे आणि समतोलात आहे, या जुन्या कल्पनेत हा पट्टा बसत नव्हता. ती कल्पना जन्मली आपल्याच जमिनीवर, हेही इथे सांगायला हवं. जॉर्ज एव्हरेस्ट यांच्या भारतातल्या सर्वेक्षणात कलियाणा आणि कलियाणपूर या दोन ठिकाणांच्या अक्षांशांतल्या फरकात ५.२४ विकलांचा (विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग) मेळ लागेना, त्यावर प्रॅट आणि एअरी या इंग्रज अभ्यासकांनी १८५५ मध्ये डोकं चालवलं, आणि हिमालयाखाली हलक्या खडकाचं मूळ असलं पाहिजे हा विचार पुढे आला. व्हेनिंग माइनेझ यांच्या पट्ट्यानं उलटा प्रश्न विचारला : इथे समतोल का नाही? काहीतरी कवचाला खाली ओढून धरतं आहे का? १९३२ मध्ये अमेरिकन पाणबुडी एस-४८ वरून कॅरिबियनमध्ये अशाच मोजण्या घेतलेले अमेरिकन भूवैज्ञानिक हॅरी हेस पुढे समुद्रतळ पसरण्याच्या कल्पनेपर्यंत पोचले. के-१८ नं अटलांटिक आणि हिंदी महासागरातल्या मोजण्यांची रांग त्यात भरली. भारताच्या दक्षिणेला हिंदी महासागरात जो प्रचंड गुरुत्वखड्डा आहे, ज्याचं स्पष्टीकरण बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या संशोधकांनी २०२३ मध्ये मांडलं, त्याच्याकडे १९४८ मध्ये लक्ष वेधलं तेही याच माणसानं.

आता प्रकरण म्हणून विचारायचा प्रश्न. वसाहत खात्याच्या पैशानं, दोन महिन्यांच्या वाटेवर आठ महिने खर्चून, एका लढाऊ बोटीनं हे का करावं? उत्तर सगळं विज्ञानप्रेमाचं नाही. दूरच्या बंदरांत डच झेंडा फडकतो, लोक बोट बघायला येतात, खलाशांना लांब पल्ल्याचा सराव होतो. मॉरिशस ते फ्रीमँटल ही तीन हजारांहून जास्त मैलांची एकच झेप. 'आमची बोट एकटी, सोबत दुसरं जहाज न घेता, अर्धं जग फिरते' हे जपानसकट सगळ्यांनी पाहावं, हाही हेतू होताच.

बालिकपापन

८ डिसेंबर १९४१ ला नेदरलँड्स जपानशी युद्धात उतरलं तेव्हा ईस्ट इंडीजमध्ये १५ डच पाणबुड्या होत्या. मायदेश दीड वर्षापूर्वीच जर्मनांनी गिळला होता. मागून येणारी नवी बोट नाही, गोदी नाही. टोळीचा सराव तर कागदावरच राहिला. काही बोटी मलायाच्या संरक्षणासाठी ब्रिटिशांच्या हुकमाखाली गेल्या, बाकीच्या बोर्निओभोवती विखुरल्या.

सुरुवात जोरदार झाली आणि तितकीच महाग पडली. के-१६ नं २४ डिसेंबरला कुचिंगजवळ 'सागिरी' ही जपानी विनाशिका बुडवली. दुसऱ्या दिवशी, नाताळच्या दिवशी, जपानी पाणबुडीनं के-१६ लाच बुडवलं, सगळ्या ३६ माणसांसह. के-१७ सुरुंगावर गेली. ओ-१६ आणि ओ-२० देखील त्याच महिन्यात गेल्या. ओ-१६ वरून एकच खलाशी वाचला.

जानेवारीत जपानी ताफा बोर्निओच्या पूर्व किनाऱ्यावरच्या बालिकपापनला आला, तेलासाठी. डचांनी तेलाच्या टाक्या आणि विहिरी आधीच पेटवल्या होत्या. २३-२४ जानेवारीच्या मध्यरात्रीच्या सुमारास के-१८ तिथे होती. रक्षक ताफ्याचं मुख्य जहाज, क्रूझर 'नाका', तिच्या टप्प्यात आलं. तिनं चार टॉर्पेडो सोडले. चारही चुकले. मग तिनं 'त्सुरुगा मारू' या सुमारे सात हजार टनांच्या वाहतूक जहाजावर मारा केला आणि ते बुडवलं.

इथवर हिशेब 'एक जहाज' एवढाच. पण रिअर अ‍ॅडमिरल निशिमुरा यांना आता कळलं होतं की पाण्यात पाणबुडी आहे. ते 'नाका' आणि विनाशिका घेऊन तिच्या शोधात बाहेर, खोल समुद्राच्या दिशेनं निघाले. किनाऱ्याला लागून नांगरलेली वाहतूक जहाजं जवळपास उघडी पडली. मागे जळत्या तेलाचा उजेड, त्या उजेडावर त्यांच्या काळ्या आकृत्या. पहाटे तीनच्या सुमारास चार जुन्या अमेरिकन विनाशिका, 'जॉन डी. फोर्ड', 'पोप', 'पॅरट' आणि 'पॉल जोन्स', दक्षिणेकडून आत घुसल्या. कितीतरी वेळ जपान्यांना वाटत राहिलं की हल्ला अजून पाणबुडीच करते आहे. अमेरिकनांनी आणखी किमान तीन वाहतूक जहाजं बुडवली, एक गस्ती बोट निकामी केली आणि आपलं एकही जहाज न गमावता त्या निघून गेल्या. १८९८ च्या मनिला उपसागरातल्या लढाईनंतर आग्नेय आशियातली अमेरिकन आरमाराची ही पहिलीच पृष्ठभागावरची लढाई.

के-१८ आणि अमेरिकन विनाशिका यांच्यात असं काही ठरलेलं नव्हतं. ठरलं असतं तर बहुधा इतकं जमलं नसतं. तिचे चार टॉर्पेडो 'नाका'ला लागले असते तर? गोंधळ झालाच असता, पण विनाशिका जखमी जहाजाभोवती थांबल्या असत्या, आणि तेही किनाऱ्यापासून फार लांब नाही. चुकलेल्या माऱ्यानं पाठलाग सुरू झाला आणि पाठलागानं दार उघडं राहिलं. हा माझा तर्क आहे. मारा लागला असता तर काय झालं असतं, ते कोणी सिद्ध करून दाखवणार नाही. पण पाणबुडी प्रत्यक्ष जेवढं बुडवते त्याहून जास्त काम तिच्या भीतीनं होतं, याचं इतकं नेटकं उदाहरण मला दुसरं ठाऊक नाही.

आणि तरी बालिकपापन पडलंच. जहाजं बुडाली, फौज आधीच किनाऱ्यावर उतरली होती. इथे आराखड्याचा दोष शोधणं चूक ठरेल. बोटीनं बोटीचं काम केलं. चूक होती ती पंधरा बोटींनी मुंबई ते शांघायएवढ्या अंतराला कुंपण घालता येईल असं मानण्यात. पन्नास विरुद्ध एकोणपन्नासचा तो जुना हिशेब इथे वसूल झाला.

जपानी शिकारी बोटींच्या डेप्थ चार्जनी, म्हणजे पाण्याखाली फुटणाऱ्या बॉम्बनी, के-१८ ला चांगलंच झोडपलं होतं. ती कशीबशी सुराबायाला पोचली आणि दुरुस्तीला लागली. दुरुस्ती पुरी झाली नाही. १ मार्च १९४२ ला जपानी फौज जावावर उतरली. २ मार्चला सुराबायाचा नौदल तळ डचांनीच उद्ध्वस्त केला, आणि चालू न शकणाऱ्या के-१८ ला तिथेच, आपल्या हातांनी, बुडवलं. वर्गातल्या पाचांपैकी के-१४ आणि के-१५ तेवढ्या निसटल्या आणि युद्ध पार करून १९४६ मध्ये निवृत्त झाल्या.

बुडवलेली बोट बुडलेली राहिली नाही. १९४४ मध्ये जपान्यांनी तिला वर काढलं. पाणबुडी म्हणून चालवण्यात अर्थ नव्हता, म्हणून मदुराच्या सामुद्रधुनीत नुसता सांगाडा नांगरून ठेवला आणि त्यावर विमानं येताना दिसली की इशारा द्यायची चौकी बसवली. पाण्याखाली लपण्यासाठी बांधलेली बोट पाण्यावर, एका जागी बांधून, आकाशाकडे बघत ठेवली.

१६ जून १९४५ ला 'टॅसिटर्न' ही ब्रिटिश पाणबुडी त्या पाण्यात आली. ती 'टी' वर्गातली. त्याच वर्गाची 'झ्वार्डव्हिस' डच खलाशी चालवत होते, आणि आदल्या वर्षी ऑक्टोबरमध्ये त्यांनी तिच्यातून जावाजवळ जर्मन यू-१६८ बुडवली होती. 'टॅसिटर्न'नं चौकी हेरली आणि के-१८ ला दुसऱ्यांदा, या वेळी कायमचं, तळाशी पाठवलं. जपान शरण यायला दोन महिने उरले होते.